गोडसे भटजींना लेखक म्हणायला इतका उशीर का?

वरसईच्या विष्णुभट गोडसे यांना आपण आजवर बरंच काही म्हटलं आहे. भिक्षुक, प्रवासी, साक्षीदार, १८५७ च्या बंडाची हकीकत सांगणारे भटजी. लेखक मात्र चाचरतच म्हणतो. ‘माझा प्रवास’ हे पुस्तक एकोणिसाव्या शतकातल्या मराठी गद्याच्या कुठल्याही यादीत वरच्या ओळींत बसेल असं आहे. तरी त्यांचं नाव निघालं की आपला सूर ‘बिचाऱ्यांनी बरं लिहून ठेवलं’ असाच लागतो. ग्वाल्हेरात हे जास्त खुपतं. दर जूनमध्ये फूलबागेपाशी राणी लक्ष्मीबाईंच्या समाधीवर फुलं पडतात, बलिदान मेळा भरतो, भाषणं होतात, मुलं लाकडी तलवारी घेऊन फोटो काढून घेतात. त्या राणीच्या झाशीत राहिलेला, तिच्याशी बोललेला, तिचं शहर लुटलं जाताना आत अडकलेला आणि ते सगळं मराठीत लिहून ठेवणारा माणूस याच ग्वाल्हेरात मुक्कामाला होता. ग्वाल्हेरच्या लष्कर या भागातल्या मराठी घरांत ही गोष्ट फारशी कुणाला ठाऊक नसते. शेजारच्या हिंदी भाषकांना कधी कधी आपल्यापेक्षा जास्त ठाऊक असते, कारण त्यांनी अमृतलाल नागरांनी केलेला हिंदी अनुवाद वाचलेला असतो.

‘उशिरा का होईना, न्याय मिळाला’ हे वाक्य आपण अशा लेखकांबद्दल फार सहज टाकतो. गोडसे भटजींच्या बाबतीत ते मला पटत नाही. जी काही दाद मिळाली ती राणीच्या वाट्याला गेली, संपादकाच्या वाट्याला गेली, अधूनमधून बंडाच्या शताब्दीच्या वाट्याला गेली. लिहिणाऱ्याच्या हाती फार थोडी लागली. आणि त्यांचं काही देणं ग्वाल्हेरच्या मराठी माणसांवर आहे असं मानायचं असेल, तर ते पुतळ्याने किंवा चौकाला नाव देऊन फिटणार नाही. ते घराघरांत पडलेल्या कागदांपाशी फेडावं लागेल. ते कसं, हे सांगण्याआधी पुस्तकाबद्दल थोडं बोलायला हवं, कारण ज्यांच्याबद्दल आपण हळहळतो त्यांचं लिहिणं कसं आहे हे सांगायचं बहुतेक वेळा राहूनच जातं.

गोडसे घराणं पेणजवळच्या वरसईचं. घरात विद्या होती, पैसा नव्हता आणि डोक्यावर कर्ज होतं. अशात बातमी आली की ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे मथुरेला सर्वतोमुख यज्ञ करणार आहेत आणि दक्षिणेसाठी लाखो रुपये बाजूला काढले आहेत. तिशीच्या आसपासचा हा भिक्षुक रामभट काकांसोबत १८५७ साली घरातून निघाला. वडिलांचा जीव होईना. हिंदुस्थानात, म्हणजे उत्तरेकडे, लोक भांग पितात, तिकडच्या बायका माणसाला भुरळ घालतात, मुलगा परत येईल की नाही, अशी त्यांची धास्ती. मुलाने दोन्हीपासून दूर राहण्याचं वचन दिलं आणि वाट धरली. तीन-चार पिढ्या याच हिंदुस्थानात काढलेल्या आम्हा मंडळींना हे वाचताना हसू येतं. भांगेच्या बाबतीत मात्र वडिलांचं अगदीच चुकलं होतं असं म्हणवत नाही.

माळव्यात शिरताना महूच्या आसपास वाटेत शिपाई भेटले. आता बंड होणार, तुम्ही कुठे निघालात, असं त्यांनी या दोघांना बजावलं. काडतुसांची गोष्ट सांगितली. त्याहून नवलाची गोष्ट म्हणजे कलकत्त्यात इंग्रजांनी राजेरजवाड्यांची सभा भरवून चौऱ्याऐंशी कलमं पुढे ठेवली, ती सगळी धर्म बुडवणारी होती, अशी एक लांबलचक हकीकत गोडसे देतात. इतिहासाचा अभ्यासक इथे लाल पेन्सिल उचलतो. अशी सभा झालीच नव्हती, म्हणून मजकूर बाद. मला वाटतं, या जागी बाद करणाऱ्याचंच नुकसान आहे. १८५७ च्या मे-जूनमध्ये माळव्यातल्या रस्त्यावरचा माणूस काय खरं मानून चालला होता, हे सरकारी कागदांत सापडणं कठीण. कोकणातल्या एका भटजीच्या कानावर ते पडलं आणि त्याने ऐकलं तसं उतरवलं. अफवा हीसुद्धा त्या वर्षाची घडामोडच होती, आणि ती सांगताना हे गद्य जितकं रंगतं तितकं लढायांच्या वर्णनातही रंगत नाही.

यज्ञ राहिला बाजूला. दक्षिणा गोळा करायला निघालेला माणूस तोफांच्या माऱ्यात सापडला, आणि तरीही शेवटपर्यंत दक्षिणेचा हिशोब सोडत नाही. मला या पुस्तकात सर्वांत जास्त आवडतं ते हे. कुठल्या दारी काय मिळालं, ते कुठे बांधून ठेवलं, कुठे कोणी काढून घेतलं, उरलं किती. कर्ज फेडायला निघालेल्या माणसाची नजर पैशावर असणारच, आणि गोडसे ती लपवत नाहीत. धर्म, राज्य, फितुरी, पराक्रम हे सगळं त्यांच्या पुस्तकात आहे, पण ते कनवटीच्या नाण्यांच्या उंचीवरून दिसतं. वीरकथा लिहिणाऱ्याला ही उंची कमीपणाची वाटेल. माझ्या मते या पुस्तकाचा खरेपणा तिथेच आहे. शहर पडत असताना सामान्य माणूस राष्ट्राचा विचार करत नसतो. दाराला कडी लावली का, पाणी किती उरलं, पैसे कुठे ठेवू, हे त्याच्या डोक्यात चालू असतं.

१८५८ च्या एप्रिलमध्ये झाशी पडली तेव्हा गोडसे आत होते. गोऱ्या शिपायांनी घरं धुंडाळली, त्यात यांचेही पैसे गेले. त्या लुटीचं वर्णन करताना ते क्रम सांगतात. आधी सोनं-नाणं गेलं, मग तांब्यापितळेची भांडी, मग कपडालत्ता आणि धान्य. घर कसं थराथराने रिकामं होतं हे इतक्या थंडपणे सांगणारं वर्णन मराठीत दुसरं मला आठवत नाही. आरडाओरडा नाही, उपमा नाहीत. मधेच ते राजवाड्यातल्या ग्रंथसंग्रहाकडे वळतात. झाशीच्या राज्यकर्त्यांनी जमवलेल्या पोथ्या, ज्यांच्या नकला करून न्यायला लांबून विद्वान येत, त्या फाडल्या गेल्या, उधळल्या गेल्या. स्वतःचा जीव धोक्यात असलेला हा माणूस पोथ्यांसाठी हळहळतो. हा परिच्छेद ग्वाल्हेरच्या मराठी वाचकाने थांबून वाचावा असं मला वाटतं. का, ते पुढे येईलच.

काल्पीच्या वाटेवरचा विहिरीचा प्रसंग आता बऱ्याच जणांना माहीत आहे. धुळीने माखलेली, पठाणी वेशातली राणी येते, तहानलेली असते, भटजी पाणी शेंदायला पुढे होतात आणि ती त्यांना थांबवते, तुम्ही विद्वान ब्राह्मण, माझ्यासाठी पाणी काढू नका म्हणते, स्वतः शेंदते आणि ओंजळीने पिते. मग आपल्या नशिबाबद्दल चार निराश शब्द बोलते. व्याख्यानांत हा प्रसंग राणीच्या थोरवीचा म्हणून येतो. पुस्तकात तो तसा येत नाही. तिथे दोन पळणारी माणसं एका विहिरीवर भेटतात. एकीचं राज्य गेलेलं, दुसऱ्याची कमाई गेलेली. पाणी कोणी काढायचं याचा शिष्टाचार त्या अवस्थेतही सुटलेला नाही. हे ज्याने टिपलं आणि पंचवीस वर्षं लक्षात ठेवलं, त्याच्यापाशी लेखकाचा डोळा होता. घटना त्याच्यासमोर घडली म्हणून तो आपोआप लेखक झाला, असं म्हणता येणार नाही. त्या वर्षांत ग्वाल्हेर, झाशी, काल्पी या पट्ट्यात मराठी बोलणारी हजारो माणसं होती. त्यांतल्या कितींनी असं लिहिलं?

त्यांना संत करायचं मात्र कारण नाही. त्यांचं जग ब्राह्मणाचं आहे. दक्षिणा देणारा मोठा, न देणारा छोटा, असा सरळ हिशोब बरेचदा दिसतो. बाकीच्या जातींची माणसं त्यांच्या नजरेच्या कडेला राहतात. तारखा चुकतात, ऐकीव गोष्टी पाहिल्यासारख्या सांगितल्या जातात. हे सगळं कबूल करूनही पुस्तक उभं राहतं. ते उभं राहतं म्हणूनच दोष मोकळेपणाने सांगता येतात. ज्याला आपण ‘बिचारा’ म्हणतो त्याचे दोष कुणी काढत नाही, आणि दोष न काढणं हीसुद्धा एक प्रकारची उपेक्षाच.

आता उशीर कसा झाला ते पाहू. गोडसे तीर्थयात्रा करून, गंगेची कावड खांद्यावर घेऊन घरी परतले. त्यानंतर जवळजवळ पाव शतक त्यांनी काही लिहिलं नाही. १८८३ च्या सुमारास चिंतामण विनायक वैद्य यांनी त्यांना लिहायला लावलं. वैद्य हे त्यांचे यजमान घराणे. लिखाण मोडी लिपीत झालं. इंग्रजांच्या भीतीने अट अशी पडली की भटजींच्या हयातीत ते छापायचं नाही. मधल्या काळात, १८९४ साली, दत्तात्रय बळवंत पारसनीस यांचं राणीचं चरित्र छापून आलं, वाचलं गेलं. प्रत्यक्ष पाहणाऱ्याचे कागद मात्र बस्त्यात. भटजी वारले, आणि १९०७ साली वैद्यांनी ‘माझा प्रवास’ छापलं.

छापलं, पण जसंच्या तसं नाही. भाषा बदलली, मजकुरात फेरफार केले, काही गाळलं. मोडीतलं मूळ हस्तलिखित पुढे १९२२ मध्ये पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळाकडे गेलं, आणि दत्तो वामन पोतदारांनी मूळ संहिता छापायला १९६६ साल उजाडलं. म्हणजे लिहून झाल्यावर भटजींचे स्वतःचे शब्द वाचकापर्यंत यायला ऐंशीहून जास्त वर्षं लागली. मधल्या साठेक वर्षांत लोकांनी ज्यांना गोडसे म्हणून वाचलं ते अर्धे वैद्य होते.

वैद्यांवर राग काढणं सोपं आहे. मला तो तितकासा काढवत नाही. १९०७ हे साल काय होतं ते आठवावं. पुढच्याच वर्षी टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली. १९०९ मध्ये सावरकरांचं सत्तावनवरचं पुस्तक बंदीत गेलं. वैद्य स्वतः ग्वाल्हेर संस्थानात मुख्य न्यायाधीश राहिलेले. शिंदे दरबार आणि सत्तावन हा विषय ग्वाल्हेरात आजही जरा आवाज खाली आणून बोलला जातो, तेव्हाची गोष्ट वेगळी सांगायला नको. १ जून १८५८ ला तात्या टोपे, रावसाहेब पेशवे आणि राणी यांनी ग्वाल्हेर घेतलं तेव्हा जयाजीराव शिंदे आग्र्याला निघून गेले होते. त्या दरबारात मोठं पद भोगलेल्या माणसाने त्या काळातली हकीकत छापताना हात आखडता घेतला असेल, तर तो मला समजतो. शिवाय वैद्य नसते तर पुस्तकच नसतं. लिहायला त्यांनीच लावलं, कागद त्यांनीच जपले, मूळ प्रत फाडून न टाकता मंडळाकडे त्यांनीच दिली. फेरफार करणाऱ्याने मूळ पुरावा स्वतःहून सांभाळून ठेवावा, हे आपल्याकडे रोज घडत नाही.

माझी तक्रार वेगळ्या जागी आहे. १९०८ च्या पुणे साहित्य संमेलनाचे अध्यक्ष वैद्य होते. त्यांची विद्वत्ता मोठी होती, मान योग्यच होता. पण तेव्हापासून आजपर्यंत आपली सगळी मानमान्यतेची व्यवस्था अशाच माणसांसाठी बांधलेली आहे, जे पत्रिका छापतात, सभेत बोलतात, ज्यांच्याकडे पत्र पाठवता येतं. वरसईचा भिक्षुक तिच्यात कुठून बसणार? ग्वाल्हेरात संमेलन १९२८ ला झालं, माधव श्रीहरी अणे अध्यक्ष. पुन्हा १९६१ ला झालं, कुसुमावती देशपांडे अध्यक्ष, आणि संमेलनाच्या इतिहासातल्या त्या पहिल्या स्त्री अध्यक्ष म्हणून ग्वाल्हेरकर अजून मान ताठ करून सांगतात. सांगावंच. दोन्ही वेळा गोडसे भटजींची मूळ संहिता पुण्यात अप्रकाशित होती. याचा दोष ग्वाल्हेरला द्यायचा नाही. फक्त इतकं लक्षात घ्यावं की मांडव भरलेला असताना कागद बस्त्यात राहू शकतो, आणि मांडवातल्या कुणाला त्याची चाहूलही लागत नाही.

मग दाद कधी मिळते? कॅलेंडर सांगेल तेव्हा. २००७ मध्ये सत्तावनला दीडशे वर्षं झाली आणि त्यानंतर थोड्याच वर्षांत इंग्रजीत अनुवादांची रांग लागली. २०११ मध्ये मृणाल पांडे, २०१४ मध्ये प्रिया आडारकर आणि शांता गोखले, मधे आणखी एक. चांगलीच गोष्ट झाली. भटजींचं पुस्तक आता मराठी न येणारा माणूसही वाचू शकतो. पण या सगळ्या दादेला बंडाची गरज होती. शताब्दी, सार्धशती, जयंती आली की आपण माळ्यावर चढतो आणि त्या विषयाला लागेल तेवढं काढतो. गोडसे भटजींमधून राणीची पानं काढली जातात. ग्वाल्हेरच्या गल्ल्या, कर्जाचं ओझं, रामभट काकांची सोबत, काशीपर्यंतची पायपीट, घरी परतल्यावर आईवडिलांना गंगेचं पाणी, ही पानं तशीच राहतात. शाळेच्या धड्यात किंवा व्याख्यानात विहिरीचा प्रसंग येतो आणि भटजी तिथे पोहरा घेऊन उभे असलेले तेवढे दिसतात.

हे एकट्या गोडशांचं नशीब नाही. याच संस्थानातली दोन नावं घ्या. भास्कर रामचंद्र तांबे मुंगावलीत जन्मले, माळवा-ग्वाल्हेरात आयुष्य काढलं, इथेच १९४१ मध्ये वारले. कविता वह्यांत आणि मित्रांकडे विखुरलेल्या. त्या गोळा करून १९२० साली वासुदेव गोविंद मायदेव यांनी छापल्या, तेव्हा तांब्यांची चाळिशी केव्हाच उलटली होती. राणीच्या समाधीजागी देशबांधवाला थांबायला सांगणारी त्यांची कविता आज कार्यक्रमांत हटकून म्हटली जाते. मायदेव नसते तर तांब्यांच्या कितीतरी कविता तशाच हरवल्या असत्या. दुसरे गजानन माधव मुक्तिबोध. ग्वाल्हेर संस्थानातल्या श्योपूरला १९१७ मध्ये मराठी घरात जन्म, लेखन हिंदीत. १९६४ च्या सप्टेंबरात दिल्लीत गेले आणि पहिला कवितासंग्रह त्यानंतर हातात आला. हिंदीवाल्यांनी त्यांना डोक्यावर घेतलं. आपण त्यांच्या आडनावावरून अभिमान बाळगतो आणि बहुधा वाचत नाही. त्यांचे धाकटे भाऊ शरच्चंद्र मराठीत लिहीत राहिले. त्यांचं नाव तरी आमच्या नव्या पिढीला माहीत आहे का, हा प्रश्न मी जास्त ताणत नाही.

आणि छापलं म्हणजे टिकलं, असंही नाही. गोडसे भटजी लिहायला बसण्याच्या सुमारासच, १८८२ साली, बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचं ‘स्त्री-पुरुष तुलना’ छापून बाहेर आलं होतं. जोतीराव फुल्यांनी त्याची पाठराखण केली. तरी ते विस्मरणात गेलं आणि स. गं. मालशे यांनी १९७५ मध्ये पुन्हा छापेपर्यंत फार थोड्यांना ठाऊक होतं. एकाचं हस्तलिखित बस्त्यात अडकलं, दुसरीचं छापील पुस्तक कपाटात. दोघांनाही पुढे आणलं ते अभ्यासक माणसांनी, एकेकट्याने बसून, कुठलाही समारंभ नसताना. ताराबाईंपाशी वैद्यांसारखा यजमान नव्हता, आणि त्यांनी पुढे काही लिहिलं असेल तर ते आपल्या हाती नाही.

इथून मी ग्वाल्हेरकडे वळतो. शिंद्यांच्या राजधानीत दीडशे-पावणेदोनशे वर्षं मराठी कारकून, मुत्सद्दी, भिक्षुक, कीर्तनकार, वैद्य, सरदार, त्यांच्या विधवा आणि सुना राहिल्या. त्यांनी लिहिलं. रोजनिश्या, कुलवृत्तान्त, यात्रेच्या वह्या, आरत्या, औषधांच्या कृती, भावाला पाठवलेली तक्रारीची पत्रं. बरंचसं मोडीत. लष्करातल्या जुन्या वाड्यांत ते अजून आहे. पण वाडे पडताहेत. मुलं पुण्याला, बंगळुरूला, नाहीतर समुद्रापलीकडे. वाडा बिल्डरला दिला की पहिल्यांदा निघतो तो फर्निचरचा भाव, मग पितळेची भांडी, आणि शेवटी ट्रंकेतले कागद कबाडीवाल्याच्या हातगाडीवर चढतात. झाशीच्या लुटीत क्रम साधारण असाच होता. फरक इतकाच की इथे शिपाई नाहीत, आपणच आहोत.

यावर मला हमखास मिळणारं उत्तर असं की त्या कागदांत असतं काय? किराण्याचे हिशोब. खरं आहे, बहुतेकांत तेच असणार. पण हिशोब आणि लेखन यांच्यामधली भिंत गोडसे भटजींनीच पाडली आहे. ज्या वहीत ‘अमक्याने इतके रुपये दिले’ असं लिहिलेलं असतं तिच्याच पुढच्या पानावर एखादी बाई आपल्या मुलाच्या देवीच्या आजाराबद्दल दोन ओळी लिहून गेलेली असते. त्या ओळी साहित्य आहेत की नाहीत हे वाचल्यावर ठरवता येईल. न वाचता कबाडात घालणारा माणूस तो निर्णय करून मोकळा होतो.

दुसरी अडचण खरी आहे आणि तिच्यावर कुणी बोलत नाही. लोक कागद दाखवत नाहीत, कारण त्यांत जमिनी असतात, दत्तकविधाने असतात, भावाभावांचे दावे असतात. एखाद्या सनदेची नक्कल बाहेर गेली आणि उद्या कोर्टात उभी राहिली तर? ही भीती हसण्यावारी नेण्यासारखी नाही. म्हणून मूळ कागद मागू नयेत, असं माझं मत आहे. घरमालकाच्या समोर बसावं, त्याला नको असलेलं बाजूला ठेवायचा हक्क त्याचाच ठेवावा, बाकीचं मोबाईलवर फोटो काढून त्याच्याच ताब्यात परत द्यावं. कुणाच्या घरी कुठल्या वर्षांचं काय आहे याची साधी यादी झाली तरी पुष्कळ झालं. यादी कुणी जाहीर वाचायची गरज नाही. कागद अस्तित्वात आहे एवढं पुढच्या माणसाला कळलं पाहिजे.

मोडी वाचणार कोण, हा तिसरा आक्षेप. लिपी २०१४ पासून युनिकोडमध्ये आहे, म्हणजे संगणकाची सबब निम्मी संपली. माणसांची सबब उरली. पुण्यात, मुंबईत मोडीचे वर्ग चालतात आणि ऑनलाईन शिकणारेही आहेत. ग्वाल्हेरात निवृत्त मराठी माणसांची कमी नाही, आणि वेळेची तर त्यांच्याकडे मुळीच नाही. बँकेतून, रेल्वेतून, कॉलेजातून निवृत्त झालेल्या चार-पाच जणांनी वर्षभर मोडी शिकून घेतली तर कामाला सुरुवात होते. मी हे एका मंडळाच्या बैठकीत बोललो तेव्हा विषय सौजन्याने ऐकून घेतला गेला आणि नंतर गणेशोत्सवातल्या ऑर्केस्ट्राच्या मानधनावर दीड तास चर्चा झाली. ऑर्केस्ट्राला माझा विरोध नाही. मुलं येतात, मराठी गाणी कानावर पडतात. पण वर्षाच्या अंदाजपत्रकात एक ओळ कागदांसाठी असावी, हे मागणं फार मोठं नाही.

सरकारकडून काय? ३ ऑक्टोबर २०२४ ला केंद्राने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला. मध्यप्रदेशात मराठी साहित्य अकादमी आहे. दर्जाबरोबर पैसा येईल, योजना येतील, आणि माझी भीती अशी की त्यातला मोठा भाग पुन्हा मांडवांत आणि स्मृतिचिन्हांत जाईल. अभिजातपणाचा दावा करताना आपण जुने शिलालेख आणि महानुभावांच्या पोथ्या पुढे केल्या. त्या टिकल्या कारण कुणी मठीत, कुणी घरात त्या बांधून ठेवल्या होत्या. महाराष्ट्राबाहेरच्या मराठी वस्त्यांतले कागद हा त्याच साठ्याचा भाग आहे, आणि तो महाराष्ट्रातल्या साठ्यापेक्षा लवकर संपणार आहे, कारण इथल्या घरात पुढच्या पिढीला देवनागरी मराठी वाचतानाही अडखळायला होतं. म्हणून निधी मागायचाच असेल तर ग्वाल्हेर, इंदूर, बडोदे, सागर, तंजावर अशा ठिकाणांसाठी, घरगुती कागदांच्या नावाने वेगळा मागावा. ‘भाषासंवर्धन’ अशा ढगळ शीर्षकाखाली मागितला तर तो कुठे जातो हे आपल्याला ठाऊक आहे.

कुणी म्हणेल, हे सगळं करून हाती दुसरे गोडसे भटजी लागतील याची खात्री काय? काहीच नाही. कदाचित शंभर ट्रंका उघडून शंभर किराण्याच्या याद्या निघतील. वैद्यांनाही घरच्या उपाध्यायाला लिहायला सांगताना कसली खात्री होती? समोर बसून सांगणाऱ्या माणसाकडे काही आहे, हे त्यांना कळलं आणि त्यांनी दौत-कागद पुढे केला. आज तसा माणूस आपल्याही घरात बसलेला असतो. फाळणीनंतरचं ग्वाल्हेर, संस्थान विलीन होतानाचं लष्कर, गिरण्या बंद पडल्यावरचं बिर्लानगर पाहिलेली ऐंशी-नव्वदीतली माणसं अजून आहेत. मराठी आणि हिंदी यांची सरमिसळ करत ती बोलतात, आणि आपण त्यांच्या भाषेला हसतो. मूळ गोडसे छापताना पोतदारांनी केलं ते एवढंच की ते शब्द जसे होते तसे ठेवले. आपल्या आजोबांचं ‘बाड्यावर गेलो होतो, भाजी घेऊन आलो, मग जरा आराम केला’ हेही तसंच ठेवावं. पुण्याच्या वळणावर आणू नये. वैद्यांपाशी बदल करायला निदान इंग्रजांची सबब होती.

सुरुवात कुठून, असं मला विचारलं तर मी म्हणेन, ‘माझा प्रवास’ची पोतदारांची प्रत मिळवून ग्वाल्हेरची पानं एका संध्याकाळी मोठ्याने वाचावीत, अध्यक्ष आणि हारतुरे वगळून. वाचन झालं की तिथेच एक कोरी वही फिरवावी, ज्याच्या घरी जुने कागद असतील त्याने आडनाव, गल्ली आणि साधारण साल लिहावं. पहिलं नाव कुणाचं यावरून वाद होईल, सरदार घराण्यातले आधी की कारकुनांतले, हेही निघेल. होऊ दे. वही भरली की मग भांडू.